वाघ खरा आहे, मग लेकराला काय सांगायचं?

ताई, नंतर वाचणाऱ्यांसाठी तुमचा प्रश्न आधी थोडक्यात मांडते. तुमचं गाव चंद्रपूर जिल्ह्यात सिंदेवाहीकडे, जंगलाला लागून. तीन आठवड्यांपूर्वी शेजारच्या गावातल्या एका बाईला मोहफुलं वेचताना वाघाने मारलं. तेव्हापासून तुमची पाच वर्षांची मुलगी दिवेलागणीनंतर अंगणातल्या संडासापर्यंतही जात नाही. रात्री अंथरूण ओलं करते. अंगणवाडीत जायचं म्हटलं की तुमचा पदर सोडत नाही, आणि बाबा वावरात निघाले की "बाबाले वाघ खाईल का?" असं पुन्हा पुन्हा विचारते. आजी म्हणतात भेव लागलं, उतरवून आणा. मुलीचे बाबा म्हणतात लाडाने घाबरट झाली. आणि तुम्ही विचारताय की "वाघ येत नाही" असं सांगावं की खरं सांगावं, आणि पुढच्या हंगामात तिला मोह वेचायला सोबत न्यावं का.

मी पूर्व विदर्भात, बहुतेक जंगलालगतच्या गावांत, लहान मुलांच्या समुपदेशनाचं काम करते. सरळ उत्तर आधी देते: खरं सांगा. पण सगळं एकदम नको, तिला झेपेल एवढंच. आणि नुसतं सांगून थांबू नका. भीती वाटली की काय करायचं, तेही तिच्या हातात द्या.

मुलांच्या भीतीबद्दल जे सल्ले ऐकायला मिळतात, ते बहुतेक बागुलबुवासाठीचे असतात. दिवा लावा, कोपरा दाखवा, बघ इथे कोणी नाही. तुमच्या घरी तो उपाय चालणार नाही, कारण तुमच्याकडे वाघ खरोखरच आहे. ताडोबाच्या हद्दीबाहेर ब्रह्मपुरी, सिंदेवाही, मूल, सावली, नागभीड या भागातल्या जंगलातही वाघ राहतात, आणि तिथे जंगल, धानाच्या बांध्या आणि गावं एकमेकांत गुंतलेली आहेत. मार्च-एप्रिलमध्ये मोह पडतो पहाटे, आणि मे महिन्यात तेंदूपत्ता तोडतात तोही सकाळीच. दोन्ही कामं वाकून, झुडपात शिरून करायची. वाघाच्या फिरण्याचीही वेळ तीच. म्हणजे तुमच्या मुलीच्या भीतीचं मूळ चुकीचं नाही. गावातली शहाणी माणसंही सध्या घाबरून आहेत आणि त्यांनी घाबरलंच पाहिजे.

मग बिघडलं कुठे? भीती आपली जागा सोडून पसरली तिथे. बांध फुटला की एका बांधीतलं पाणी शेजारच्या चार बांध्यांत शिरतं, तसं जंगलातल्या पहाटेचं भेव आता संडासात, अंगणवाडीच्या वाटेवर आणि तिच्या अंथरुणात आलं आहे. जंगलाचं भेव राहू द्या, ते तिच्या उपयोगाचं आहे. बाकीच्या ठिकाणांहून ते कमी करायचं आहे.

"वाघ येत नाही" हे वाक्य का नको, तेही सांगते. पाच वर्षांचं लेकरू आपलं बोलणं ऐकतं त्याहून जास्त आपल्या हालचाली पाहतं. तुम्ही म्हणाल काही होत नाही, आणि सात वाजताच कडी लावाल. बकऱ्या लवकर आत घ्याल. फॉरेस्टवाल्यांची गाडी गावात येऊन एकटे फिरू नका असं सांगून जाईल. हे सगळं ती बघते. मग तिला दोनच गोष्टी वाटू शकतात: माय खोटं बोलते, किंवा हे एवढं भयंकर आहे की मायलाही बोलवत नाही. दुसरी गोष्ट मनात बसली तर मूल प्रश्न विचारणंच बंद करतं, आणि मग आत काय चाललंय ते कळायला मार्ग राहत नाही. तुमची मुलगी अजून विचारते आहे, ही फार चांगली खूण आहे.

मुलं भीती मोठ्यांच्या चेहऱ्यावरून शिकतात, यावरचा 1985 साली प्रसिद्ध झालेला एक अमेरिकन प्रयोग मी पालकांना नेहमी सांगते. वर्षभराच्या बाळांना काचेच्या एका मोठ्या टेबलावर ठेवलं. अर्ध्या भागात काचेखाली जमीन खोल गेल्यासारखी दिसत होती. पलीकडच्या टोकाला आई उभी. आईने आनंदी चेहरा ठेवला तेव्हा 19 पैकी 14 बाळं रांगत पलीकडे गेली. आईने घाबरलेला चेहरा केला तेव्हा 17 पैकी एकही गेलं नाही. आईने तोंडातून शब्दही काढला नव्हता.

याचा अर्थ तुम्ही हसऱ्या चेहऱ्याचं सोंग आणायचं, असा मी घेत नाही. सोंग मुलांना लगेच ओळखू येतं. तुम्हालाही भीती वाटते, तर तसं सांगा, आणि त्या भीतीचं तुम्ही काय करता तेही दाखवा. "मलेही भेव लागते. म्हणून मी बॅटरी घेतो, काकूले हाक मारतो, काठी आपटत जातो, अन् लवकर परत येतो." एवढं एक वाक्य रोज तिच्यासमोर, रोजच्याच आवाजात बोला. तिला त्यात दिसेल की भेव लागलं तरी माणूस काम करतो, आणि कसं करतो तेही.

आता तिच्या प्रश्नाकडे. "बाबाले वाघ खाईल का?" हा प्रश्न वाघाबद्दल कमी आणि बाबांबद्दल जास्त आहे. बाबा गेले आणि परत आलेच नाहीत तर माझं काय, असं ती विचारते आहे. मेलेलं माणूस कधीच परत येत नाही, ही गोष्ट साधारण सहा-सात वर्षांच्या आसपास मुलांच्या मनात पक्की होते. तुमच्या मुलीला ती अर्धवट कळली आहे, आणि अर्धवट कळलेली गोष्ट जास्त छळते. त्यात अंधाराची आणि एकटं राहण्याची भीती मिसळली, जी चार-पाच वर्षांच्या मुलांना वाघ नसलेल्या गावातही वाटते. अशा तीन भीती एकात एक गुंतल्या आहेत. त्यांच्यावर एकच औषध लागू पडत नाही.

पुढे जाण्याआधी, काही गोष्टींवर बरंच अवलंबून आहे आणि त्या तुमच्या प्रश्नात आल्या नाहीत. गेलेली बाई तुमच्या नात्यातली होती का? मुलीने गावात आणलेलं प्रेत पाहिलं का, रडारड ऐकली का, की फक्त बोलणं कानावर आलं? वाघ सध्या गावाजवळ फिरतो आहे, की वनखात्याने त्याला पकडून नेला? आणि ती आधीपासूनच बुजरी होती, की हे सगळं नवीन आहे? प्रेत पाहिलं असेल किंवा नातं जवळचं असेल तर खालच्या गोष्टी कराच, पण सोबत माणसाची मदतही लवकर घ्या. त्याबद्दल शेवटी लिहिते.

सगळ्यात आधी घरातले मोबाइल. अशा घटनेनंतर गावोगावच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर फोटो आणि व्हिडिओ फिरतात. त्यातले बरेच दुसऱ्याच जागेचे, जुने असतात. मोठी माणसं ते ओसरीत बसून बघतात आणि लेकरू खांद्यावरून डोकावतं. पाच वर्षांच्या मुलाला एकाच घटनेचा व्हिडिओ पाच वेळा दिसला तर पाच घटना घडल्यासारखं वाटू शकतं. मुलगी जागी असेपर्यंत हे बघणं आणि त्यावर चर्चा करणं पूर्ण बंद करा. घरातल्या पुरुषांना हे सांगणं अवघड जातं, मला माहीत आहे, पण हा एक नियम तरी ठाम ठेवा. आणि चुलतभावंडं पाठीमागून येऊन डरकाळी फोडत असतील, तर त्यांना आजच थांबवा. मी पाहिलेल्या बऱ्याच मुलांची भीती चिडवण्यामुळेच जास्त दिवस टिकली.

मग तिच्याशी बोला. दिवसा बोला, हाताशी काही काम असताना. तांदूळ निवडताना, केस विंचरताना. समोरासमोर बसवून मुद्दाम बोलायला गेलात तर ती गप्प होईल. आधी तिला काय काय माहीत आहे ते विचारा. "तुले काय वाटते, काय झालं त्या काकूले?" मुलांनी मनात जे चित्र काढलेलं असतं ते खऱ्यापेक्षा भलतंच असू शकतं. एका मुलाला वाटायचं की वाघ दार वाजवून नाव विचारतो. ते कुठून आलं? मोठ्या बहिणीने जेवायला बसावं म्हणून सांगितलं होतं, न जेवणाऱ्या पोट्ट्याचं नाव विचारत वाघ येतो. ते दुरुस्त झालं तशी त्याची अर्धी भीती गेली.

तिचं ऐकून झालं की थोडक्यात सांगा. असं काहीतरी: "वाघ जंगलात राहते. काकू अंधारात मोह वेचाले जंगलात गेली होती, वाकून होती, वाघाने तिले पकडलं. ती वारली. आपल्याले वाईट वाटते. वाघ घराचं दार उघडू शकत नाही. आपण सांज झाली की एकटं बाहेर जात नाही. मोठं माणूस सोबत असते." यापेक्षा जास्त नको. रक्त, जखमा, कुठपर्यंत ओढत नेलं, हे काही नको. आणि "काकू झोपली" किंवा "देवाघरी फिरायला गेली" असंही म्हणू नका, नाहीतर उद्या ती झोपायलाच घाबरेल. ती तोच प्रश्न उद्या पुन्हा विचारेल, परवाही विचारेल. तिला समजलं नाही म्हणून ती विचारत नाही. उत्तर तेच आहे ना, याची ती खात्री करते. दरवेळी तेच उत्तर, त्याच शब्दांत द्या.

बाबांबद्दलच्या प्रश्नाला "काही होणार नाही, बाप्पा आहे" एवढंच म्हणून सोडू नका. ते वचन तुमच्या हातात नाही आणि तिला ते जाणवतं. बाबांनी स्वतः तिला सांगावं की ते काय काय काळजी घेतात. मी एकटा जात नाही, अमुकच्या बाबांसोबत जातो. उजाडल्यावर निघतो. मोठ्याने बोलत जातो. दिवे लागायच्या आत येतो. आणि कृपा करून ती झोपलेली असताना किंवा नजर चुकवून घरातून निघू नका. निघताना रडते म्हणून बरेच बाप असं करतात. पण मग तिला शिकायला मिळतं की बाबा कधीही अचानक नाहीसे होतात, आणि ती दिवसभर पहारा देत बसते. सांगून जा, ती रडली तरी. आल्यावर आधी तिला हाक मारा. एका घरात बाबा जाताना मुलीच्या हातात आपला दुपट्टा देऊन जायचे आणि आल्यावर परत मागायचे. चार-पाच दिवसांत ती दुपट्टा खुंटीला अडकवून खेळायला जाऊ लागली.

ओलिताची पाळी रात्रीची असेल, म्हणजे कृषीपंपाची लाइन रात्रीच येत असेल, तर हे सगळं अवघड होतं, हे मला कळतं. तिथे मुलीला समजावणं हा उपायाचा लहान भाग आहे. दोन-तीन घरच्यांनी मिळून जाणं, दिवसा लाइन मिळावी म्हणून ग्रामपंचायतीने मागणी लावून धरणं, हे मोठ्या माणसांचं काम आहे. बाबा रात्री खरोखर जात असतील तर मुलीपासून ते लपवू नका. फक्त कोणासोबत आणि कधी परत, हे नेमकं सांगा.

आता संडासाचा प्रश्न. यावर सविस्तर लिहिते, कारण इथेच लोक दोन टोकं गाठतात. एक तर "जा, काही नाही होत" म्हणून ढकलतात, नाहीतर महिनोन् महिने तिला बाहेर नेतच नाहीत. ढकललं की भीती वाढते. अजिबात न नेल्यानेही वाढते, कारण आपण जिथून पळतो ती जागा बरी आहे हे कळायची संधीच मिळत नाही. यावरचा उपाय जुना आहे. 1924 साली मेरी कव्हर जोन्स या अमेरिकन मानसशास्त्रज्ञ बाईंनी पीटर नावाच्या जेमतेम तीन वर्षांच्या मुलाबद्दल लिहिलं. तो सशाला प्रचंड घाबरायचा. तो आवडीचा खाऊ खात असताना जोन्सबाई पिंजऱ्यातला ससा लांब ठेवायच्या आणि हळूहळू जवळ आणायच्या. सशाला न घाबरणारी दुसरी मुलंही सोबत असायची. शेवटी पीटर सशाला हात लावू लागला. आज आम्ही जे करतो ते मुळात हेच आहे.

तुमच्या घरी ते असं करता येईल. दुपारी चारच्या उन्हात सुरुवात करा, अंधारात नाही. ओसरीच्या कडेला बसून तिला मुरमुऱ्याचा चिवडा द्या, गप्पा मारा. दुसऱ्या दिवशी तेच अंगणात, तुळशीजवळ. मग संडासाच्या दारापर्यंत जाऊन परत. मग आत जाऊन, दार उघडं ठेवून, तुम्ही बाहेर गाणं म्हणत उभ्या. हे दिवसा सहज जमलं की वेळ थोडी पुढे सरकवा. पाच वाजता, मग सहा, मग दिवे लागल्यावर. दिवे लागल्यावर बॅटरी तिच्याच हातात द्या. कुठे उजेड पाडायचा हे तिला ठरवू द्या. एका घरात मुलगी आधी जांभळाच्या झाडावर बॅटरी मारायची, मग खताच्या ढिगावर, मग संडासाच्या छपरावर, आणि दरवेळी आजीला म्हणायची, "पाय आजी, नाही हाय," म्हणजे बघ आजी, इथे नाही. ही तपासणी थांबवू नका. ती तिची रीत आहे, आणि धोका असलेल्या गावात ती शहाणपणाचीच आहे.

एखाद्या पायरीवर ती थरथरली, रडली, तर एक पायरी मागे या. "काल तर गेली होतीस" असं म्हणू नका. आणि एका पायरीवर दोन-तीन दिवस घालवायला घाबरू नका. छाती धडधडायला लागली की फुंकणीचा खेळ खेळा: चुलीची फुंकणी तोंडाला लावून लांब, हळू फुंकायचं, समोरच्या राखेचा कण उडू न देता. श्वास सोडायला जास्त वेळ लागला की काळजाची धडधड खरोखर कमी होते. पाच वर्षांच्या मुलाला "दीर्घ श्वास घे" हे कळत नाही, फुंकणी कळते. मात्र हा खेळ ती शांत असताना आधी शिकवून ठेवा.

दोन अटी मात्र पक्क्या. वाघ सध्या गावाजवळ दिसत असेल, तर दिवे लागल्यानंतरच्या पायऱ्या थांबवा आणि रात्रीपुरती मोरीत सोय करा. तिथे भीती घालवायची घाई नको. आणि दुसरी अट म्हणजे या पायऱ्या तिला अंधारात एकटीला पाठवण्यापर्यंत न्यायच्या नाहीत. जंगलालगतच्या गावात पाच वर्षांच्या लेकराने रात्री एकटं बाहेर जाणं हा धीटपणा नव्हे. मोठ्या माणसासोबत, बॅटरी घेऊन, न रडता जाऊन येणं, एवढं जमलं की पुरे. मुलीच्या बाबांना हे नक्की वाचून दाखवा. तिला घाबरट म्हणून ती धीट होणार नाही, फक्त भीती लपवायला शिकेल. वाघाच्या भागात लपवलेली भीती धोक्याची असते, कारण झुडपात काही हललं तरी ते मूल सांगणार नाही.

ती वाघाचा खेळ खेळत असेल तर खेळू द्या. घटनेनंतर मुलं तेच तेच खेळतात: बाहुलीला वाघ पकडतो, बाहुली मरते, पुन्हा उठते. मोठ्यांना हे अभद्र वाटतं आणि ते रागावतात. रागावू नका. मूल जे बोलू शकत नाही ते असं बाहेर काढतं. खेळात हळूहळू कोणी वाचवायला येतं, वाघ पळतो, बाहुली घरी जाते, असा बदल दिसला तर ती सावरते आहे. तोच प्रसंग आठवडेच्या आठवडे जराही न बदलता चालला आणि खेळून झाल्यावर ती जास्तच बेचैन दिसली, तर मात्र ते नोंदवून ठेवा आणि समुपदेशकाला सांगा.

घरात आबाजी असतील तर त्यांच्याकडे एक काम द्या. कोळशाने फरशीवर आखून खड्यांनी खेळायचा वाघबकरीचा डाव त्यांना येत असेल. वाघ उडी मारून बकरी खातो, पण बकऱ्या एकमेकींना लागून राहिल्या की वाघाला हलायला जागा उरत नाही आणि तो अडकतो. पाच वर्षांच्या मुलीला सगळे नियम येणार नाहीत, येऊ नयेत. तिला बकऱ्या द्या आणि सगळ्यांनी मिळून वाघाला कोंडायचं एवढंच सांगा. मी हा डाव अंगणवाडीत वापरते. सोबत राहिलं की वाचतो, हे मुलांना त्यातून जसं उमगतं तसं माझ्या बोलण्यातून उमगत नाही. आणि पोळ्यापर्यंत थोडी भीती शिल्लक राहिली, तर पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी, पाडव्याला, मारबत म्हणजे गावाची इडापिडा घेऊन जाणारा पुतळा काढतात तेव्हा तिला वाघाच्या भेवाचं चित्र काढायला लावा आणि "घेऊन जाय गे मारबत" म्हणत गावाबाहेर नेऊ द्या. गावातली सगळी पोरं इडापिडा ओरडत असतात. तिला आपल्या भीतीचं नाव मोठ्याने घ्यायला यापेक्षा चांगली जागा मिळणार नाही.

आजींचं काय? आजींशी भांडू नका. दृष्ट काढणं, काळा दोरा, वाघदेवाला नारळ, यात माझी काही हरकत नाही. आजीचा हात डोक्यावरून फिरतो, ती शांतपणे काहीतरी पुटपुटते, त्याने लेकराला बरंच वाटतं. फक्त तीन गोष्टी नकोत: मांत्रिकाकडून मारझोड किंवा धुरी, अंगावर डाग देणं, आणि "तुला लागलेलं आहे" असं तिच्यासमोर बोलणं. शेवटच्या वाक्याने मुलीला वाटतं वाघ आता आपल्या अंगातच आहे. आजींना गोष्टी येत असतील तर त्या मोलाच्या आहेत, पण निवडून सांगायला सांगा. ताडोबाला नाव ज्याच्यावरून पडलं असं मानतात त्या तारू या गोंड गावप्रमुखाची गोष्ट मोठी आहे, तलावाकाठी त्याचं ठाणंही आहे. पण त्यात वाघाशी झुंजताना माणूस मरतो, म्हणून ती पुढे कधीतरी. सध्या जंगलात शिरताना वाघदेवाला हात जोडून "तू तुझ्या वाटेने, आम्ही आमच्या वाटेने" म्हणणाऱ्या माणसांच्या गोष्टी पुरेत.

अंथरूण ओलं होण्यावरून एक शब्दही बोलू नका, बदलून टाका आणि झोपवा. झोपायच्या आधी सोबत नेऊन आणा. भीती कमी होते तसं हे बहुतेक आपोआप थांबतं. पण लघवीला जळजळ, ताप, किंवा खूप तहान लागून वारंवार लघवी होत असेल तर ते भीतीवर ढकलू नका. लघवी आणि रक्तातली साखर तपासून घ्या. झोपेतल्या ओरडण्याचेही दोन प्रकार असतात. पहाटेकडे वाईट स्वप्न पडून ती जागी झाली, तर जवळ घ्या, ऐका. झोप लागल्यावर पहिल्या दोन-तीन तासांतच ती डोळे उघडे ठेवून किंचाळत असेल, तुम्हाला ओळखत नसेल आणि सकाळी तिला काहीच आठवत नसेल, तर हलवून जागं करू नका. पडणार नाही एवढं बघा, ती पुन्हा झोपेल.

अंगणवाडी बंद करू नका. घरी राहिलेला प्रत्येक दिवस परत जाणं अवघड करतो. पहिले काही दिवस तुम्ही तिथे बसा, मग दाराशी, मग थोडा वेळ, आणि अंगणवाडीताईंना सगळं सांगून ठेवा. वाटेवर चार-पाच मुलं आणि एक मोठं माणूस मिळून जात असतील तर फारच चांगलं, ते वाघासाठीही बरोबर आणि भीतीसाठीही.

खाली प्रतिक्रियांमध्ये एका दादांनी विचारलंय की त्यांचा मुलगा विजेला घाबरतो. दादा, पद्धत हीच. वीज खरी आहे, तेव्हा "काही नाही" म्हणू नका. चमकली की त्याला मोजायला लावा. आवाज तीन सेकंदांत साधारण एक किलोमीटर येतो. 30 मोजायच्या आत गडगडलं तर सगळ्यांनी पक्क्या घरात, झाडाखाली नाही. मोजायचं काम त्याचं.

आता मदत कधी घ्यायची. घटनेला महिना उलटूनही फरक दिसत नसेल, ती खाणं सोडत असेल, बोलणं कमी झालं असेल, आधी येणाऱ्या गोष्टी विसरल्यासारखी वागत असेल, किंवा तिने स्वतः ते दृश्य पाहिलं असेल, तर वाट पाहू नका. जिल्हा रुग्णालयात मानसोपचार विभाग असतो. अंगणवाडीत राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमाचं तपासणी पथक येतं, त्यांना सांगितलं तर ते पुढे पाठवतात. टेलिमानस या मानसिक आरोग्यासाठीच्या सरकारी फोन सेवेचा 14416 हा नंबर चोवीस तास चालतो, फुकट आहे आणि मराठीतून बोलता येतं. तो तुमच्यासाठीही आहे, ताई. तुमच्या प्रश्नात तुम्ही स्वतःबद्दल एक ओळही लिहिली नाही, पण तिला सोबत न्यायचं विचारता, म्हणजे पहाटे मोह वेचायला तुम्हीही जात असाल असं मला वाटतं.

पुढच्या हंगामात तिला सोबत न्यायचं का, असंही तुम्ही विचारलंत. नाही, एवढ्या लहान मुलांना पहाटे जंगलात नेऊच नका, भीती असो वा नसो. फुलं अंगणात वाळत घालायचं काम तिला द्या. वर विचारलेल्या गोष्टींपैकी दोन मात्र नक्की कळवा: तिने प्रेत पाहिलं होतं का, आणि वाघ अजून तिथेच आहे का. पायऱ्या कुठून सुरू करायच्या हे त्यावर ठरेल.